दोन नंबरचं मशीन

सोमवार, ३ फेब्रुवारी

आजपासून मी इनचार्ज. लेकीने ही डायरी आणून दिली, म्हणाली, "आई, आता तू साहेब झालीस, काहीतरी लिहीत जा." हे हसले. म्हणाले, घरातली तर तू केव्हाचीच आहेस.

आमचा विभाग हॉस्पिटलच्या तळघरात. ऑपरेशनची हत्यारं वरून रक्तामासाने माखलेली येतात. इथे ती धुवायची, एकेक तपासायची, कापडात बांधायची, वाफेच्या मोठ्या मशीनमध्ये घालून निर्जंतुक करायची आणि परत वर पाठवायची. पेशंटला आमचं तोंडही दिसत नाही. दिसू नये हेच बरं.

मोठ्या ताई शुक्रवारी रिटायर झाल्या. त्यांच्याच हाताखाली मी घडले. नवीन असताना एकदा ट्रेमध्ये कात्री उलटी ठेवली, तर त्यांनी तो अख्खा ट्रे सगळ्यांदेखत जमिनीवर ओतला आणि म्हणाल्या, "उचल. पुन्हा धू." रडत रडत धुतला. पण त्या दिवसानंतर माझी कात्री उलटी सापडली नाही. अनुभवासारखा गुरू नाही म्हणतात ते उगाच नाही. मलाही तसंच करावं लागणार. लोक मऊ मातीत पाय रुतवतात.

सकाळी सगळे मला "मॅडम" म्हणाले. शुक्रवारपर्यंत "ताई" होते. बरं वाटलं, खोटं कशाला बोलू.

शुक्रवार, ७ फेब्रुवारी

चिमणीला आज झापलं. ही आमची सर्वांत नवी पोरगी, चणीने एवढीशी, बोलणं अखंड चिवचिव, म्हणून चिमणी. कामाला चलाख आहे, पण तोंड आवरत नाही. सगळे टेबलाशी उभे असताना मोठ्याने म्हणाली, "मॅडम, दोन नंबरमधून पॅक ओलसर येतायत."

ओलसर पॅक म्हणजे फेकून पुन्हा करायचा. आत कोरडं नसेल तर त्याला निर्जंतुक म्हणतच नाहीत. मी म्हटलं, "मशीन गच्च भरलं असशील. घाई करायची आणि खापर मशीनवर फोडायचं."

"नाही मॅडम, मी मोजून…"

"उत्तर नको. पुन्हा कर."

केलं. मुकाट्याने केलं. आमचे मामा, म्हणजे मशीन चालवणारे, वयाने सर्वांत मोठे, ते नुसते माझ्याकडे बघत राहिले. त्यांनाही पटलेलं दिसलं.

मंगळवार, ११ फेब्रुवारी

मामा दोनदा आले. दोन नंबरच्या दाराला भोवती रबराची जाड पट्टी असते, तिने हवा बंद होते. ती बदलायला झाली म्हणतात. मी वरती व्यवस्थापकांना फोन केला. ते म्हणाले, सर्व्हिसिंग पुढच्या महिन्यात ठरलंय, आता मशीन बंद ठेवलं तर ऑपरेशनं पुढे ढकलावी लागतील, आणि तुम्ही आल्या आल्या हे कशाला?

त्यांचंही खरं आहे. नव्या इनचार्जचं रडगाणं कोण ऐकणार. मामा दुपारी पुन्हा तेच घेऊन आले तेव्हा मी वैतागले. म्हटलं, "मामा, मोठ्या ताई असताना हेच मशीन चालत होतं ना? मग माझ्यावेळीच कसं बिघडलं?"

मामा "बरं" म्हणाले आणि गेले. चांगला माणूस आहे, एका शब्दात समजतो.

शुक्रवार, १४ फेब्रुवारी

मेट्रन राउंडला आल्या होत्या. म्हणाल्या, "तुमच्या विभागातून या आठवड्यात एकही तक्रार वर आली नाही. हात चांगला बसलाय तुमचा."

खरंच बसलाय. विभागात टाचणी पडली तरी ऐकू येईल अशी शांतता असते आता. चिमणीची चिवचिव बंद. मी दारातून आत आले की सगळ्यांचे हात भराभर चालायला लागतात. घरीही तसंच. संध्याकाळी मी शिरले की टीव्हीचा आवाज कमी होतो, लेक तिच्या खोलीत अभ्यासाला जाते. बापाशी तिचं काय काय कुजबुजणं चालतं, मला मात्र त्रास देत नाही. थकून येते हे कळतं तिला.

बुधवार, १९ फेब्रुवारी

अक्षर कसंही आलंय. संध्याकाळ आहे, हे चहा ठेवून गेलेत आणि तो निवलाय.

सकाळी कपडे बदलायच्या खोलीत गेले तर चिमणी बेसिनवर वाकून ओकत होती. मला वाटलं बरं नाही. म्हटलं, घरी जा. तर मान हलवते नुसती. रंग पार उडालेला. "काय झालं?" काही नाही. "काय झालं, बोल ना!" माझा आवाज चढला तशी ती आणखी मिटली.

बाहेर आले. मामा दोन नंबरसमोर उभे. मशीन बंद. मी विचारलं, "का बंद?" ते जमिनीकडे बघायला लागले.

रोज सकाळी पहिला माल घालण्याआधी रिकाम्या मशीनमध्ये एक चाचणी घेतात. जाड गठ्ठ्याच्या मध्ये एक कागद असतो. सगळीकडे वाफ पोचली तर तो एकसारखा काळा होतो. मधोमध फिका डाग राहिला तर आत हवा अडकलीय, मशीन वापरायचं नाही आणि लगेच इनचार्जला सांगायचं. यात दुसरं मत नाही.

"कागदाला डाग आला?"

एकाने घडी घातलेलं कापड पुन्हा घडी घालायला घेतलं.

"कोणी केली चाचणी? कोणी? मला नाव पाहिजे!"

सगळे पुतळे. मी ओरडत होते आणि ओरडताना वर टांगलेल्या फळ्याकडे माझं लक्ष गेलं. पहिलं ऑपरेशन गुडघा बदलण्याचं. हत्यारांचा सेट वर गेलेला होता. कुठल्या मशीनचा?

तेव्हा कुठून शब्द आले माहीत नाही. मी म्हटलं, "नाव नको मला. कोणाचंच नको. दोन नंबरचा माल कुठे कुठे गेलाय, तेवढंच सांगा."

आणि बांध फुटावा तसे सगळे एकदम बोलायला लागले. गुडघ्याचा सेट दोन नंबरचाच. डाग आज आलाय. पण कालही आला होता. काल चिमणीने चाचणी पुन्हा घेतली, दुसऱ्यांदा कागद काळा आला, म्हणून तिने माल चालवला. आज दोन्ही वेळा डाग. काल दिवसभर त्याच मशीनचा माल वर गेला होता.

मी ऑपरेशन थिएटरला फोन लावला. सिस्टर म्हणाली, डॉक्टर हात धुतायत, पेशंटला कमरेत इंजेक्शन देऊन झालंय.

"सिस्टर, चाकू लावू नका. सेट परत पाठवा."

"अहो, आता? पेशंट टेबलावर आहे!"

"माहीत आहे. थांबवा."

मग हाडांचे डॉक्टर स्वतः फोनवर आले. "बाई, पॅकवरची पट्टी काळी झालेली आहे. मी डोळ्यांनी बघितलीय."

"ती बाहेरची पट्टी, डॉक्टर. गरम झालं की काळी होते. आत वाफ पोचली का, ते मला माहीत नाही."

"माहीत नाही म्हणजे काय?"

"म्हणजे माहीत नाही. म्हणूनच थांबा म्हणतेय."

फोन आपटल्याचा आवाज आला. पण सेट परत आला. गुडघ्याच्या आजोबांना पाय बधिर असतानाच वॉर्डात परत नेलं. त्यांची सून लिफ्टपाशी कोणाला तरी विचारत होती की झालं का एवढ्यात.

नंतर दुपारपर्यंत आम्ही वॉर्डावॉर्डातून दोन नंबरचे पॅक गोळा केले. एक सेट मात्र परत येण्यासारखा नव्हता. तो काल एका बाईंच्या घोट्यात धातूची पट्टी बसवताना वापरून झाला होता. शाळेत शिपाई आहेत. घंटा त्याच देतात.

गुरुवार, २० फेब्रुवारी

इंजिनियर आला. रबराची पट्टी खालच्या बाजूला चिरलेली. दार कधी नीट बसतं, कधी नाही. म्हणून मंगळवारी आधी डाग, मग काळा, आणि काल पुन्हा डाग.

घंटावाल्या बाईंना आज ताप नाही. डॉक्टरांनी औषध वाढवून दिलंय. मी दोनदा वॉर्डच्या दारापर्यंत गेले, आत गेले नाही. कोण म्हणून जाणार?

चिमणीला बाजूला घेतलं. "मंगळवारीच मला का नाही सांगितलंस?"

"सांगायला आले होते. तुम्ही फोनवर होता."

"मग थांबायचं ना."

तिने बोट तोंडाशी नेलं. मग म्हणाली, "तुम्ही फोनवर आहात बघून मला हायसं वाटलं."

मला राग यायला हवा होता. आला नाही, आणि का आला नाही तेही समजलं नाही. नुसतं तिच्याकडे बघत राहिले. एवढीशी पोर. नखं मुळापर्यंत खाल्लेली.

शुक्रवार, २१ फेब्रुवारी

घंटावाल्या बाईंना ताप.

व्यवस्थापकांनी केबिनमध्ये बोलावलं. दार लावून घेतलं. म्हणाले, "सोमवारी चौकशी आहे. नियम स्पष्ट आहे. चाचणी फसली की कळवायचं, त्या मुलीने कळवलं नाही. तुम्ही तेवढं लिहून द्या, विषय तिथेच संपेल. तुम्ही तर ऑपरेशन थांबवलंत, तुमचं उलट कौतुकच होईल."

"आणि रबराची पट्टी?"

"ती वेगळी बाब आहे." मग जरा हसून, "तुमचाही फोन आला होता, पण तुम्ही लेखी कुठे दिलंत?"

खरं सांगते, कारण इथे दुसरं कोणी वाचत नाही. जिना उतरताना माझं ठरलं होतं. चिमणीचं नाव द्यायचं. ते खोटं नाहीच की. तिने लपवलं. मी नाही लपवलं. वीस वर्षं घासून इथवर आलेय, तीन आठवड्यांत खाली यायचं? तिचं काय, पोरगी आहे, दुसरीकडे लागेल.

खाली मामा जेवणाचा डबा बंद करत होते. त्यांना बहुतेक माझ्या तोंडावरूनच कळलं.

"पोरीचं नाव देताय?"

"तिचीच चूक आहे, मामा."

"आहे ना. नाही कुठे म्हणतो." त्यांनी डब्याची कडी लावली. "मग माझंही घाला. मी तुम्हाला दोनदा सांगितलं, ताई. तिसऱ्यांदा नाही सांगितलं. पट्टी रोज बघत होतो. म्हटलं, मरू दे, आपल्याला काय करायचंय, या वयात बोलणी कशाला ऐकून घ्यायची? त्या बाईंच्या पायात माझंही गप्प बसणं गेलंय."

एवढं बोलून ते मशीनकडे गेले. त्यांचा आवाजसुद्धा वर गेला नव्हता. मी टेबलाशी बसून राहिले. रुमाल कुठे ठेवला तो सापडेना.

रविवार, २३ फेब्रुवारी

सुट्टी असून हॉस्पिटलात गेले. ताप आहेच. टाके लाल झालेत. आज मात्र आत गेले. बाईंचा भाऊ उशाशी बसला होता. मी कोण ते सांगितलं. तुमच्या ऑपरेशनचं सामान आमच्याकडून आलं होतं, तिथलं मशीन नीट नव्हतं, डॉक्टरांनी तुम्हाला सांगितलं असेल.

भाऊ उभाच राहिला. "सांगितलं. 'शक्यता' म्हणाले. शक्यता म्हणजे काय हो? हिच्या पायाचं काय होणार ते सांगा ना!"

"मला माहीत नाही," मी म्हटलं. दुसरं काय म्हणणार.

बाईच म्हणाल्या, "बस रे. ओरडून ताप उतरणार आहे का." मग माझ्याकडे बघून, "तुम्ही पहिल्या आहात ज्या माहीत नाही म्हणाल्या. बाकी सगळे म्हणतात, काळजी करू नका." त्यांचे ओठ तापाने सुकले होते. मी पाणी दिलं आणि निघाले.

घरी येऊन सरळ पडले. त्या उलट्या कात्रीचा दिवस सारखा डोक्यात. त्या दिवसापासून माझी कात्री उलटी सापडली नाही, असं मी अभिमानाने लिहिलंय. सापडली नाही. राहिली नव्हती असं नाही. कितीदा तरी राहिली. मोठ्या ताई यायच्या आत मी गुपचूप सरळ करायचे, आणि चुकून एखादा ट्रे तसाच गेला तर देवाचं नाव घेऊन बसायचे. मी त्या दिवशी कात्री ठेवायला शिकले नव्हते. लपवायला शिकले होते. आणि तेच शिक्षण जपून ठेवलं, दुसऱ्यांना द्यायला.

वीस वर्षांचा अनुभव! म्हणायचे मी येताजाता.

सोमवार, २४ फेब्रुवारी

चौकशी. अधीक्षक मधे, मेट्रन डावीकडे, व्यवस्थापक उजवीकडे.

अधीक्षकांनी विचारलं, "चाचणी फसल्याचं कोणी लपवलं?"

मी म्हटलं, "सांगते. पण त्याआधी घडलेलंही सांगते, नाहीतर ते अर्धंच होईल." आणि सगळं सांगितलं. पॅक ओलसर येतायत असं मला सांगण्यात आलं होतं, मी सांगणारीलाच झापलं. पट्टी गेलीय असं दोनदा सांगण्यात आलं, मी सांगणाऱ्यालाच गप्प केलं. व्यवस्थापकांना फोन केला, त्यांनी नको म्हटल्यावर मीही गप्प बसले. मग माझ्या विभागात गप्प बसायची पद्धतच पडली. मंगळवारी एका मुलीने त्या पद्धतीप्रमाणे वागली.

बोलायच्या भरात "मुलगी वागली"च्या जागी "मुलीने वागली" म्हटलं आणि त्याचीच लाज वाटत राहिली. असलं काय काय सुचतं माणसाला अशा वेळी.

व्यवस्थापक म्हणाले, "भावनेच्या भरात बोलतायत त्या."

मेट्रन म्हणाल्या, "मला तर एकही तक्रार नाही म्हणून आनंद झाला होता. मी यांचं कौतुक करून गेले." आणि चष्मा काढून पुसत बसल्या.

अधीक्षक माझ्याकडे वळले. "तुम्हाला कळतंय ना, हे सगळं तुमच्या नावावर नोंदलं जाईल?"

"हो."

कळत होतं. खुर्ची धरून उभी होते.

शुक्रवार, २८ फेब्रुवारी

निकाल लागला. मला लेखी ताकीद, आणि सहा महिने माझं पद कच्चं. तेवढ्यात काही झालं तर परत पॅक बांधायच्या टेबलावर. चिमणीला दोन महिने मशीन बंद, फक्त धुण्याचं काम. रबराची पट्टी त्याच दिवशी बसली, एका दुपारचं काम होतं. व्यवस्थापकांना काय झालं ते कळलं नाही. लिफ्टमध्ये भेटले तर आकडे बघत होते.

घंटावाल्या बाईंचा ताप काल उतरला. जखम पुन्हा उघडून साफ करावी लागली. पाय वाचलाय, पण काठी बराच काळ लागेल म्हणे. आमच्याच मशीनमुळे झालं की आणखी कशाने, हे डॉक्टरही सांगू शकत नाहीत. मलाही ते कधी कळणार नाही. हे कळणार नाही, हेच घेऊन राहायचंय.

मंगळवार, ११ मार्च

नवीन पद्धत सुरू केलीय. रोज सकाळी सगळ्यांनी गोल उभं राहून काल काय बिघडलं ते सांगायचं. पहिली मी. काल मी दोन सेटच्या चिठ्ठ्या अदलाबदल केल्या होत्या, ते सांगितलं. आज तिसरा दिवस, अजून माझ्याशिवाय कोणी बोललेलं नाही. मामा म्हणाले, "ताई, रोज तुम्हीच चुकताय असं ऐकून लोकांना वाटायला लागलंय की तुम्हाला खरंच काम येत नाही."

हसू आलं. पण आत चरकलेच. विश्वास बसायला वेळ लागणार. मोडायला तीन आठवडे पुरले होते.

लेकीलाही म्हटलं, दिवसभरात काय झालं सांगत जा. ती म्हणाली, "आई, तू हल्ली प्रश्न विचारून गप्प बसतेस ना, जास्त भीती वाटते."

बुधवार, १९ मार्च

एका पोराने आज सांगितलं. एक चिमटा त्याच्या हातून पडून वाकला, आणि त्याने तो तसाच आत ठेवला होता. माझ्या घशापर्यंत आलं होतं. अक्षरशः जिभेवर. गिळलं. "दाखव" म्हटलं. आवाज नक्कीच कोरडा आला असणार, कारण पोरगा दचकला. अजून जमत नाही मला. ओरडणं थांबवणं जमतं, चेहरा थांबवणं जमत नाही.

गुरुवार, ३ एप्रिल

मेट्रननी ठरवलं की नवीन सिस्टर लोकांच्या तुकडीला आमच्या विभागाची माहिती द्यायची, आणि ती चिमणीने द्यावी. मी म्हटलं, ती अजून धुण्यावर आहे. मेट्रन म्हणाल्या, म्हणूनच. चिमणीने परीक्षेचा फॉर्मही भरलाय, पुढच्या वर्गाच्या तंत्रज्ञाची. मला विचारलं नाही, सांगितलं. बरं वाटलं.

दुपारी मी भांडारातून येत होते. दार अर्धं उघडं होतं. आत चिमणी टेबलाशी उभी, समोर दहा-बारा मुली. हातात चाचणीचा कागद धरून ती सांगत होती, "हा डाग दिसतो ना, इवलासा? हा मला आला होता. मी पुन्हा चाचणी घेतली, दुसऱ्यांदा काळा आला, आणि मी स्वतःलाच म्हटलं, चला, सुटले. असं मनात आलं ना, की समजायचं, इथेच थांबायचंय."

एकीने हळूच विचारलं, "मग इनचार्ज ओरडल्या नाहीत तुमच्यावर?"

"ओरडल्या ना," चिमणी म्हणाली. "पण त्या आधी ओरडल्या होत्या. म्हणून तर झालं."

मुली हसल्या. तीही हसली. मी दाराबाहेर, हातात कापडाचा गठ्ठा. कान तापले. रागही आला, ते लिहून ठेवते. माझ्याच विभागात, माझ्याच पाठीमागे, परक्या मुलींसमोर. वाटलं आत जावं, जरा घसा खाकरावा, एवढंही पुरलं असतं.

गठ्ठा दुसऱ्या हातात घेतला आणि मागच्या दाराने गेले. तिचं बोलणं अजून चालू होतं.